बिनडोक्याचा फॉन्ट

मी एक फॉन्ट बोलतोय. कागदावर तुम्हाला दिसते ती माझी सावली. खरा मी असतो पेटीत. फेचबुरी गावात विहाराच्या मागच्या गल्लीत अंड्याच्या वड्यांचं एक दुकान आहे. त्याच्या आतल्या खोलीत एक जुना, पिवळा पडलेला कॉम्प्युटर घरघरत बसलेला असतो, त्याच्या पोटात माझा मुक्काम. मुक्काम म्हणायचं आपलं. कैद म्हणालात तरी चालेल.

मी थाई अक्षरं. तुमच्या अक्षरांना कशी वर रेघ असते, आणि ती नसली की अक्षर उघडं वाटतं? तसं आमच्या बहुतेक अक्षरांना सुरुवातीलाच एक छोटं गोल वेटोळं असतं. त्याला आमच्याकडे डोकं म्हणतात. शाळेत पोरांना पहिलं हेच शिकवतात, आधी डोकं काढ, मग बाकीचं अंग. मला ते डोकंच नाही. बिनडोक म्हणून हसायचं असेल तर हसून घ्या, मला सवय आहे.

मला घडवलं थविननं. पाट्या रंगवायचा तो. सिनेमाच्या, सायकलच्या दुकानांच्या, दातांच्या दवाखान्यांच्या. ज्या म्हाताऱ्या रंगाऱ्याकडे तो शिकला, त्याच्यासमोर त्यानं एकदा बिनडोक्याची पाटी रंगवली. सुटसुटीत, ताठ, लांबून नजरेत भरणारी. म्हातारा बराच वेळ बघत राहिला आणि म्हणाला, "मुंडकी उडवलीस रे सगळ्यांची. आता ही बघणार कुठून आणि बोलणार कुठून?"

आमच्याकडे एक रीत आहे. गुरुवारी फुलं आणि उदबत्ती घेऊन शिष्य गुरूपुढे बसतात आणि गुरू एकेकाच्या डोक्यावर हात ठेवतो. हात ठेवला की विद्या दिली. तोवर ती उसनीच. त्या वर्षी म्हाताऱ्यानं सगळ्यांच्या डोक्यावर हात ठेवला, आणि थविनपाशी आला तेव्हा त्याला ओलांडून पुढच्याकडे गेला. थविन घरी आला, जेवला नाही, आणि त्यानं ठरवून टाकलं की जन्मात एकाही अक्षराला डोकं लावायचं नाही. माझा जन्म हा असा रागातून झालाय. तरी सांगतो, देखणा आहे मी.

पुढे पाट्या रंगवायचं काम संपत आलं आणि त्यानं हा कॉम्प्युटर घेतला. मला पाटीवरून पेटीत उतरवायला त्याला वर्षं लागली. एकेक वळण तो डोळ्यांना पाणी येईस्तोवर घासायचा. अक्षराच्या वर ज्या स्वराच्या आणि सुराच्या खुणा बसतात, त्या नीट बसाव्यात म्हणून त्यानं स्वतःच्या डोक्यानं जुगाड करून ठेवले होते. ते कळायचे फक्त त्याला आणि त्याच्या त्या जुन्या प्रोग्रामला. प्रोग्राम तरी कसा, कॉम्प्युटरच्या पाठीत बोटभर किल्ली खुपसलेली असली तरच उघडणारा. शिवाय माझ्या अंगावर त्यानं शिक्का मारला होता, मालकाच्या परवानगीशिवाय हात लावू नये. बँकॉकहून लोक मला मागायला आले. शेजारच्या गावचे छापखानेवाले आले. थविननं सगळ्यांना चहा पाजला आणि रिकाम्या हातानं परत पाठवलं.

"एकदा बाहेर गेला की लोक वाट्टेल ते करतील त्याचं," तो म्हणायचा. "कुणीतरी डोकं लावेल."

मग मी काय करायचो? दहनाची पुस्तकं. आमच्याकडे माणूस गेला की दहनाच्या दिवशी येणाऱ्या प्रत्येकाच्या हातात एक पुस्तक देतात. त्यात गेलेल्या माणसाची हकिकत, फोटो, बुद्धवचनांतली चार सुत्तं, आणि बाई असेल तर तिच्या हातच्या एखाद्या पदार्थाची कृती. अर्ध्या फेचबुरीला मी असं पोचवून आलोय. लोक पुस्तक उघडायचे, म्हणायचे, वा, काय साफ अक्षर आहे. मला आत बसून बरं वाटायचं.

एक माणूस मात्र मला वाचत नव्हतं, आणि ती थविनची बायको होती. थोंगबाय. बाहेर वड्या विकायची ती. शाळा तिची चारच यत्ता झालेली, आणि त्या चारही डोक्यांच्या अक्षरांवर. मी समोर आलो की ती डोळे बारीक करायची, पुस्तक लांब धरायची, जवळ धरायची, आणि ठेवून द्यायची.

"तुमच्या अक्षरांना तोंडच नाही," ती म्हणायची. "बोलायचं कुणाशी?"

"थोडी सवय कर की."

"तुमची सवय केली ना, तेवढी पुरे."

थविन हसायचा, पण त्याला ते लागायचं, मी काचेमागून बघितलंय. चाळीस वर्षं त्यानं जे जे रंगवलं, छापलं त्यातली एक ओळ तिनं वाचली नाही आणि त्यानं एक डोकं लावलं नाही. दोघंही हट्टाला पेटलेली, आणि मध्ये मी.

त्यांची मुलगी उराय, ती बापाच्याच खुर्चीशेजारी बसून काम शिकली. हात बापापेक्षाही हलका. ती दरवर्षी विचारायची, "बाबा, यंदा माझ्या डोक्यावर हात ठेवणार ना?" आणि थविन म्हणायचा, "बघू पुढच्या गुरुवारी." ज्याला स्वतःला मिळालं नाही, त्याला द्यायचं कसं ते कळत नसावं. पुढचा गुरुवार काही उजाडला नाही आणि यंदा गरमीच्या दिवसांत थविन गेला.

दहन शंभराव्या दिवशी ठरलं; तोवर देह विहारात ठेवायची आमच्याकडे रीत आहे. आता पुस्तक करायचं ते थविनचं. उरायनं काम हाती घेतलं आणि पहिल्याच दिवशी थोंगबाय आतल्या खोलीत येऊन उभी राहिली. हाताला पीठ तसंच.

"हे पुस्तक मला वाचता आलं पाहिजे," ती म्हणाली.

"मग दुसऱ्या अक्षरात करते, आई. डोकी असलेली पुष्कळ अक्षरं आहेत."

"त्यांचं पुस्तक परक्याच्या अक्षरात? लोक तोंडात शेण घालतील. त्यांच्याच अक्षरात कर."

"त्यांचं तर तुला वाचता येत नाही."

"तेच सांगतेय मी. त्यांच्याच अक्षरात, आणि मला वाचता येईल असं." एवढं बोलून ती वड्या भट्टीतून काढायला गेली.

उराय कपाळाला हात लावून बसली. मीही बसलो असतो, पण कपाळ कुठाय. थोंगबायचं म्हणणं सरळ होतं. मला डोकी लावायची. म्हणजे जे थविननं जन्मभर होऊ दिलं नाही तेच, आणि तेही त्याच्या दहनाला.

त्यात आमच्या कॉम्प्युटरनं मान टाकायला सुरुवात केली. अर्ध्या पानावर पडदा निळा व्हायचा. नवा आणला, तर त्याच्या पाठीत किल्ली खुपसायला भोकच नाही. उरायनं प्रोग्रामवाल्यांना फोन लावून बघितला. तो फोन आता कुणीतरी कोळंबीचा व्यापारी उचलतो. मी आत बसून हे सगळं ऐकत होतो. घर जळतंय आणि कडी बाहेरून, अशी माझी गत.

विहारातून भंते कित्तिको आले ते खरं म्हणजे पुस्तकात कुठली सुत्तं घालायची ते सांगायला. चीवर घेऊन भिक्खू होण्याआधी ते बँकॉकला कॉम्प्युटरच्या कंपनीत होते. त्यांच्यासमोरच आमचा पडदा निळा झाला. नवा डबा त्याच टेबलावर कोराच पडून होता, तोही त्यांनी बघितला.

"विहारात आम्ही मोकळी प्रणाली बसवलीय, उपासिका," ते म्हणाले. "लिनक्स. कुणीही फुकट घ्यावी अशी. तुमच्या नव्या कॉम्प्युटरवरही बसेल."

"लोक तर पैशांचीच बसवतात, भंते. म्हणजे, कॉपी करून आणतात."

"हो. आमच्याही ऑफिसात तशीच होती. रोज सकाळी उपासकांना आम्ही शील द्यायचं, जे दिलेलं नाही ते घेऊ नका, आणि मागच्या खोलीत चोरीच्या प्रोग्रामवर देणग्यांच्या पावत्या छापायच्या. मला घास गिळवेना."

थोंगबाय दारातून म्हणाली, "फुकटचं असं कोण देतं हो कुणाला?"

"आम्ही रोज सकाळी पात्र घेऊन निघतो, उपासिका. तुम्हीच त्यात वड्या घालता," भंते म्हणाले. थोंगबाय त्यांच्यासाठी पाणी आणायला गेली.

दोन दिवसांत नवा डबा मोकळ्या प्रणालीवर सुरू झाला. मग माझी पाळी आली. उरायनं मला एका पेनड्राइव्हवर उतरवलं. बाईनं भिक्खूच्या हातात वस्तू द्यायची नसते, म्हणून भंतेंनी पिवळं कापड पसरलं, तिनं त्यावर पेनड्राइव्ह ठेवला, त्यांनी उचलला. थोंगबाय वाकून बघत होती.

"त्या काडीत मावला होय तुझा बाप?" ती म्हणाली.

मला वाटलं, सुटलो. तुम्हाला म्हणून सांगतो, त्या क्षणी मला काय काय वाटून गेलं. आणि बघतो तर मी इथंच. तीच घरघर, तीच धूळ. फॉन्ट नेतात म्हणजे त्याची नक्कल नेतात, हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. शेजारच्या काचेवर जो उभा होता तो माझा जुळा भाऊ. सुटला तो. मी जिथला तिथंच.

भावाची अवस्था तरी काय वर्णावी. थविनचे जुगाड नव्या घराला कळेनात. वरच्या खुणा कुठे हवेत लटकलेल्या, कुठे शेजाऱ्याच्या मानगुटीवर बसलेल्या. लग्नाच्या पंगतीत सगळ्यांच्या चपला एकमेकांच्या पायात गेल्यावर दिसेल तसं ते पान दिसत होतं. मला हसूही आलं आणि लाजही वाटली.

"उघडून दुरुस्त करावं लागेल," भंते म्हणाले. "त्यासाठीही मोकळा प्रोग्राम आहे. आणि उघडलाच तर हवी तर डोकीही लावता येतील."

उरायनं उघडायला घेतलं आणि पडद्यावर प्रश्न आला. या फॉन्टच्या मालकानं बदल करायला मनाई केली आहे. तुमच्याकडे त्यांची परवानगी आहे का? खाली दोन चौकोन होते, हो आणि नाही.

तिचा हात थांबला.

"तुम्ही वारस आहात," भंते म्हणाले. "कायद्यानं तो फॉन्ट आता तुमचाच."

"कायद्याचं राहू द्या, भंते. बाबांनी मला दिला होता का?"

"ते तुम्हाला ठाऊक."

"नाही दिला. डोक्यावर हात सुद्धा नाही ठेवला." आणि ती रडायला लागली. बाप गेल्यापासून मी तिला पहिल्यांदाच रडताना बघितलं. "मी 'हो' दाबलं तर ते खोटं होईल. आणि 'नाही' दाबलं तर आईला वाचता येणार नाही. मी करू काय?"

थोंगबायनं पदर नव्हता म्हणून एप्रनला हात पुसले. "विचारू त्यांना," ती म्हणाली.

थविनच्या घरात पूर्वजांना ताट वाढायची चिनी रीत. माझ्याच पेटीच्या वर, फळीवर थविनचा फोटो होता. दुसऱ्या दिवशी त्याच्यापुढे वाफवलेली कोंबडी, भात, संत्री, चहाचे पेले मांडले. पूर्वजांचं जेवण झालं का ते विचारायला दोन नाणी जमिनीवर टाकतात. एक छापा आणि एक काटा पडला तर हो. दोन्ही सारखी पडली तर नाही. जे विचारायचं ते असंच विचारता येतं. भंते आदल्या दिवशीचं काम पुरं करायला आले होते. ही रीत बुद्धाची नव्हे, म्हणून ते नजर छताला लावून बसले.

उरायनं नाणी टाकली. "बाबा, जेवण झालं?" दोन्ही सारखी. नाही.

थोडं थांबून परत टाकली. नाही.

"जिवंतपणी तरी कधी वेळेवर उठलेत पानावरून," थोंगबाय म्हणाली. "चघळत बसायचं."

तिसऱ्यांदा हो आलं. मग उरायनं हात जोडले. फरशीवर नाणी पडताना मला दिसत नव्हती, नुसती ऐकू येत होती, आणि माझा सगळा जीव त्या आवाजात गोळा झाला होता. "बाबा, तुमच्या अक्षरांना डोकी लावू?"

नाही.

"फक्त या एका पुस्तकापुरती, बाबा. आईसाठी."

नाही.

मला काय वाटलं ते खरं सांगू का? आधी अभिमानच वाटला. माझा मालक मेल्यावरही माझ्या पाठीशी उभा आहे. मग उरायचा चेहरा दिसला आणि अभिमान जिरला. असला कसला हा पाठीराखा, जो बायकोलाही दाराबाहेर उभी करतो? जन्मभर मी त्याच्या किल्लीला शिव्या घातल्या, पण खरं कुलूप त्या गुरुवारी बसलं होतं, आणि ते त्यालाही उघडता येत नव्हतं.

"झालं," उराय म्हणाली आणि नाणी गोळा करायला वाकली.

"दे इकडे," थोंगबाय म्हणाली. तिनं नाणी मुठीत धरली आणि फोटोकडे बघितलं. हात जोडले नाहीत की काही नाही. नवऱ्याशी रोज बोलायची तशीच बोलली. "अहो, मी काय विचारते ते ऐका. मी तुमचं पुस्तक न वाचताच मरायचं का?"

नाणी पडली. एक टेबलाच्या पायाशी जाऊन गोल गोल फिरत राहिलं, आणि बसलं.

उराय वाकून बघायला गेली. दोन्ही सारखी.

"नाही म्हणाले," थोंगबाय म्हणाली. "लाव डोकी."

"आई, तू प्रश्नच फिरवलास."

"चाळीस वर्षं तेच करत आलेय. त्यांच्या तोंडून नाहीशिवाय काही निघतच नाही, मग नाहीचाच उपयोग करून घ्यायचा." "लग्नाला सुद्धा आधी नाहीच म्हणाले होते. मग माझ्या बापानं विचारलं, पोरीला दुसरीकडे देऊ का?"

भंते छताकडे बघत होते, पण खांदे हलत होते त्यांचे. उरायनं फळीवरच्या फोटोखाली कपाळ टेकवलं, तशीच थोडा वेळ राहिली, म्हणजे माझ्याच पेटीवर तिचं डोकं होतं. उठली, आणि तिनं 'हो' दाबलं.

पुढचे दिवस मी आयुष्यात विसरणार नाही. शेजारच्या काचेवर माझ्या भावाच्या खुणा एकेक करून जागेवर बसल्या, आणि मग त्याला डोकी फुटायला लागली. परीक्षक थोंगबाय. वड्या भट्टीत टाकून आत यायची, एकेका अक्षराकडे बघायची आणि निकाल द्यायची. "हे चांगलंय. हे कोण, ओळखू येत नाही. हे डोकं नाही, फोड आलाय याला." उराय परत काढायची. डोकी लहानच ठेवली तिनं, थविनच्या रेघेला शोभतील अशी. मी काचेआडून बघत होतो. असूया वाटली हो, का खोटं बोलू. जन्मभर डोकं नाही म्हणून मिरवलेला मी, आणि आता माझा सगळा तोरा उतरला, कारण त्याच्याकडे ती बघत होती. माझ्याकडे तिनं असं कधी बघितलं नव्हतं.

दहन झालं. पुस्तकं वाटली गेली. भंतेंच्या समोर उरायनं आणखी एक केलं. तो डोकेवाला आणि त्याच्यासोबत बिनडोक्याचा, दोन्ही तिनं सगळ्यांसाठी मोकळे सोडले. कुणीही घ्यावेत, वापरावेत, बदलावेत. "दिले," ती मोठ्यानं म्हणाली, म्हणजे घेणाऱ्याला चोरी लागायला नको. आता म्हणे चियांगमाईच्या शाळेत, कुठल्याशा दवाखान्याच्या फलकावर माझे भाऊबंद दिसतात. ऐकतो मी. आनंद आहे. पण ऐकणारा मी हा इथला, किल्लीवाल्या पेटीतला. इतक्या जणांना सोडलं त्यात मी कुठेच नाही.

दहनानंतर आठवड्याभरानं उराय म्हणाली, "आई, हा जुना डबा आता काढूया. उगाच गरम होत बसतो."

थोंगबायच्या हातात पुस्तक होतं. पाहुण्यांच्या आधी वाचायचं नाही म्हणून तिनं तोवर ते उघडलंही नव्हतं.

"बंद केलास तर परत सुरू होईल का?"

"नाही व्हायचा. आतलं यंत्र गेलंय. चालू आहे तोवर आहे."

थोंगबायनं माझ्या पेटीवर हात ठेवला. पिठाचा, गरम हात. "मग माझं वाचून होईस्तोवर राहू दे," ती म्हणाली.

तेव्हापासून रोज दुपारी दुकानात गिऱ्हाईक नसलं की ती आत येऊन थविनच्या खुर्चीत बसते आणि मोठ्यानं वाचते. बोट ठेवून, अडखळत, चौथीतल्या पोरीसारखी. "थ-विन. फेच-बुरीचा. पाट्या रंग-वायचा." मध्येच थांबते. "कधी कुणाचं काही फुकट घेतलं नाही, असं लिहिलंय पोरीनं. खोटं आहे. माझ्या वड्या कोण चोरून खायचं?" आणि मग पुढे वाचते. तिच्या तोंडून माझी वळणं ऐकायला येतात मला. डोकी त्यांना दुसऱ्यानं लावलीत, पण अंग माझंच आहे.

पुस्तक काही मोठं नाही. गावातल्या माणसांनी एका बैठकीत संपवलं. थोंगबायचं अजून चाललंय. आधी मला वाटलं, डोळे अधू म्हणून वेळ लागतोय. मग लक्षात आलं की काल वाचलेलं पान ती आज पुन्हा काढते. परवा शेवटच्या पानापर्यंत आली, नुसतं बघितलं, आणि "डोळे दमले" म्हणून पुस्तक मिटलं. आज परत पहिल्या फोटोपासून सुरुवात केलीय. उरायला सगळं कळतं. ती डब्याचं नाव काढत नाही, येताजाता नुसती पंख्यावरची धूळ पुसते.

माझी एवढीच विनवणी. कधी फेचबुरीला आलात, विहारामागच्या गल्लीत वड्या घ्यायला थांबलात, आणि आतून कुणी म्हातारी मोठ्यानं वाचताना ऐकू आली, तर वड्या घ्या आणि जा. पुस्तक संपत आलं का, असं मात्र तिला विचारू नका.